नाव चुकता कामा नये

ज्युनिअर हॉकीचे धावते वर्णन करू लागून मला यंदा अकरा वर्षे झाली. ग्वाल्हेरच्या लष्कर भागातल्या आमच्या घरी मराठी बोलली जाते, वर्णन मात्र मी हिंदीत करतो, कारण मोबाइलवर सामना लावून बसलेले बहुतेक श्रोते हिंदीच जाणतात. सामन्यागणिक मानधन मिळते, त्यावर घर चालत नाही; म्हणून उरलेले दिवस मी शिकवण्या घेतो.

ग्वाल्हेर हे मुळात हॉकीचे गाव. १९३२ च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्ये भारताने अमेरिकेला २४-१ असे हरवले, त्यातले दहा गोल करणारे रूपसिंग, ध्यानचंदांचे धाकटे बंधू, इथेच राहिले आणि १९७७ मध्ये इथेच वारले. त्यांच्या नावाच्या स्टेडियमवर २०१० मध्ये सचिनने द्विशतक केले, तेव्हापासून बाहेरगावचे लोक ते नाव क्रिकेटशी जोडतात, याचे मला मनापासून वाईट वाटते.

१९७५ च्या हॉकी विश्वचषकाची अंतिम लढत माझ्या आजोबांनी रेडिओवर जसदेव सिंगांच्या आवाजात ऐकली होती. जसदेव सिंगांनी ‘अशोक कुमार’ म्हटले की श्रोत्यांच्या डोळ्यांसमोर तो खेळाडू उभा राहत असे. माझ्या सामन्यातली सोळा वर्षांची राइट हाफ मात्र कोणालाच ठाऊक नसते. तिचे नाव बहुतेकांच्या कानांवर पहिल्यांदा पडते ते माझ्याच तोंडून. म्हणून मी तासभर आधी मैदानावर पोहोचतो, मणिपूरच्या आणि झारखंडच्या मुलींच्या नावांचे उच्चार त्यांच्याकडूनच ऐकून घेतो, आणि एका पुठ्ठ्यावर अकरा जागा आखून प्रत्येकीचा क्रमांक व नाव देवनागरीत लिहितो. एकाच आडनावाच्या दोघी असतील, तर एकीच्या बुटांचा रंगही शेजारी टिपून ठेवतो.

खरी कसोटी पेनल्टी कॉर्नरला लागते. गोलरक्षकासह पाच जणी गोलरेषेमागे उभ्या राहतात, चेंडू आत ढकलला जातो, गोलसमोरच्या वर्तुळाबाहेर अडवला जातो, फ्लिक होते, म्हणजे स्टिकने तो गोलकडे भिरकावला जातो, आणि हे सारे दोन-तीन सेकंदांत आटोपते. चार वर्षांपूर्वी अशाच एका कॉर्नरवर मी फ्लिक मारणारीच्या नावावर गोल जाहीर केला. प्रत्यक्षात दूरच्या खांबाजवळ वाकून उभ्या असलेल्या एका मुलीच्या स्टिकला निसटता स्पर्श होऊन चेंडू आत गेला होता. सामना संपल्यावर ती माझ्या टेबलाशी आली आणि खालच्या आवाजात म्हणाली, “सर, गोल मेरा था। पापा फ़ोन पर सुन रहे थे।” पंचांच्या गुणपत्रकावर तिचेच नाव होते. मी लगेच माइकवरून दुरुस्ती सांगितली, पण तोवर प्रक्षेपण बंद झाले होते. तिने दिलेल्या क्रमांकावर मी तिच्या वडिलांना फोन केला आणि तो गोल पहिल्यापासून, अगदी माइकवर सांगावा तसा, पुन्हा सांगितला.

आता चेंडू गोलच्या आतल्या फळीवर आदळला की मी केवळ ‘गोल’ एवढेच म्हणतो, आणि बाकीच्या मुली कोणाच्या गळ्यात पडायला धावतात ते पाहून मगच नाव घेतो.