सेमाडोहची कुंभारीण आणि आग्या मोहोळ

परतवाड्यापासून सेमाडोहपर्यंतच्या घाटाविषयी मला फारसे लिहायचे नाही, आणि चिखलदऱ्याच्या गर्दीत काढलेला दिवस तर विसरण्याच्याच लायकीचा होता. मेळघाटातील एप्रिलचा तो मुक्काम लक्षात राहिला तो एका सहप्रवाशाच्या फवारणीच्या डबीमुळे.

आम्ही उतरलो होतो त्या घराच्या ओसरीत, तुळईला मातीचे लहान गोळे चिकटलेले होते आणि सुतासारख्या बारीक कमरेची एक काळी-पिवळी माशी तिथे चिखल आणून लिंपीत होती. "गांधीलमाशी!" असे ओरडून या गृहस्थांनी डबी उचलली, तेव्हा घरमालक काकाजींनी त्यांचा हात धरला. "राहू द्या साहेब, थे कुंभारीन हाय. कोनाले काई करत नाई." कुंभारीण एकटी राहते, डंखाने लुळे केलेले कोळी ती मातीच्या कोठडीत भरते, तिथेच अंडे घालते आणि तोंड बंद करून निघून जाते. राखायला वसाहतच नसल्यामुळे माणसाच्या अंगावर धावून येण्याचे तिला सहसा कारण पडत नाही.

खरी गांधीलमाशी काकाजींनी गोठ्याच्या वळचणीला दाखवली. तिथे लहान तांबूस माश्यांचे, चावलेल्या लाकडाच्या लगद्यापासून केलेले उघडे कागदी घरटे लोंबत होते आणि काळ्या पोटावर एकच रुंद पिवळा पट्टा असलेली ती दांडगी माशी त्यातल्या अळ्या ओढून काढीत होती. घरट्याच्या मालकिणी बाजूला सरून बसल्या होत्या. हा दरोडा मी चहा थंड होईपर्यंत पाहत राहिलो, आणि मेळघाटात वाघ न दिसल्याची हळहळ तिथेच संपली.

दुपारी सिपना नदीकाठी एका उंच झाडावर आग्याची पोळी दिसली. सातेरी जातीची मधमाशी ढोलीत एकाशेजारी एक अशी अनेक पोळी बांधते, फुलोरीचे तळहाताएवढे पोळे झुडपाच्या फांदीला असते, पण आग्या उंच फांदीखाली उघड्यावर एकच प्रचंड पोळे लटकावते. गांधीलमाशीसारख्या तुळतुळीत नसून या साऱ्या मधमाश्या केसाळ असतात आणि मागच्या पायांवर परागाचे गोळे वाहतात. आग्याचा काटेरी डंख कातडीत अडकून राहतो, त्याच्या वासाने बाकीच्या माश्या चवताळतात, आणि म्हणूनच तिचा हल्ला जिवावर बेतू शकतो.

सकाळी निरुपद्रवी कुंभारणीवर डबी रोखणारे आमचे गृहस्थ आता नेमके त्या पोळ्यांखाली तीन दगड मांडून चहासाठी काटक्या पेटवीत होते! जंगलात विस्तव पेटवायला मनाई आहे, हे वाटेतल्या फलकांवर वाचूनही शहरातील माणूस असे का वागतो, हे मला कधीच कळलेले नाही. धूर वर चढण्याआधीच काकाजींनी एक शब्दही न बोलता नदीचे पाणी ओतून जाळ विझवला आणि आम्हा सर्वांना गावाकडे पिटाळले. चहा त्यांच्याच घरी झाला; त्याचे पैसे मात्र त्यांनी घेतले नाहीत.