अक्रोपोलिसच्या पाठीमागच्या देवळ्या

अथेन्समध्ये आम्ही चार दिवस होतो. संग्रहालयं झाली, पिरेअसला जाऊन मासे खाल्ले, प्लाकाच्या गल्ल्यांत दोनदा वाट चुकलो. पण लिहायला बसले आहे ती अक्रोपोलिस टेकडीच्या पाठीमागच्या एका अर्ध्या तासासाठी.

टेकडीवरच्या प्रसिद्ध देवळाबद्दल, पार्थेनॉनबद्दल, मला फार सांगता येणार नाही. 30 युरोंचं तिकीट, त्यावर छापलेली वेळ, आणि तरीही वर जाणाऱ्या पायऱ्यांवर दर्शनबारीसारखी माणसाला माणूस चिकटलेली. शाळेच्या पुस्तकात चित्र पाहिल्यापासून जिथे यायचं होतं, तिथे पोचल्यावर मी फक्त पुढच्याच्या पाठपिशवीपासून तोंड वाचवत होते. राग आला, त्याहून जास्त वाईट वाटलं. त्यात नवऱ्याचा गुडघा दुखायला लागला. "तू फिरून ये, मी खाली सावलीत बसतो," तो म्हणाला.

मी उत्तरेच्या उताराकडे वळले. तिथे पेरिपातोस नावाची जुनी वाट आहे, डोंगराच्या कमरेभोवती फिरणारी. प्रदक्षिणेचा मार्गच म्हणा. तिची लांबी इ.स.पू. चौथ्या शतकात कुणीतरी तिथल्याच एका शिळेवर कोरून ठेवली आहे: 5 स्टेडिया आणि 18 फूट. शंभर पावलं गेले आणि गर्दी संपली. गवतात लाल पॉपी, वर कातळ, खाली प्लाकाची कौलं. अपोलोची गुहा, पॅनची गुहा मागे पडली, आणि मी ज्याच्यासाठी आले होते ते आलं: प्रेमाची देवी अ‍ॅफ्रोडाइटी आणि प्रेमाचा देव एरॉस यांचं स्थान.

मंदिर असं काही नाहीच. उघडा कातळ आणि त्यात खोदलेले कोनाडे, काही वीतभर, काही त्याहून मोठे, कडा झिजून गोल झालेल्या. मला एकच शब्द सुचला: देवळी. आमच्या साताऱ्याच्या घरात ओसरीच्या भिंतीत अशीच एक होती. आजी तिथे तिन्हीसांजेला पणती ठेवायची आणि वरचा दगड काजळीने काळा झाला होता. इथल्या देवळ्यांत लोक नवसाच्या वस्तू ठेवत. अ‍ॅफ्रोडाइटीसाठी आणि एरॉससाठी.

1931 मध्ये ऑस्कर ब्रोनीर या पुरातत्त्वज्ञाला इथे कातळावर कोरलेली अक्षरं सापडली. इ.स.पू. पाचव्या शतकातली, आणि मजकूर एवढाच, की एरॉसचा उत्सव मुनिखिओन महिन्यात, चढत्या चंद्राच्या चौथ्या दिवशी. अथेन्सचे महिने अमावास्येनंतरच्या कोरीपासून सुरू होत, मुनिखिओन वसंतात येई. म्हणजे शुद्ध चतुर्थी! साधारण चैत्र-वैशाखातली. हे घरी वाचलं होतं तेव्हा नुसती गंमत वाटली होती. तिथे उभं राहिल्यावर अंगावर काटा आला. या देवाला तिथी होती. त्या दिवशी आंघोळ करून, हातात काहीतरी घेऊन, माणसं हा चढ चढून येत असतील.

खाली दुकानांतल्या चुंबकांवर जो एरॉस विकायला ठेवलाय, तो गुबगुबीत पंखवालं बाळ आहे. मला ते अजिबात आवडलं नाही. ज्या काळात ही अक्षरं कोरली, त्या काळातल्या भांड्यांवर एरॉस पंख असलेला तरुण दिसतो. आणि हेसिअड या जुन्या ग्रीक कवीने तर त्याला सृष्टीच्या अगदी आरंभी आणून ठेवलंय, आधी केऑस म्हणजे आदिम पोकळी, मग पृथ्वी, आणि त्या पहिल्या काहींतच एरॉस. पुढे समुद्राच्या फेसातून अ‍ॅफ्रोडाइटी बाहेर आली तेव्हा तिच्यासोबत चालायला दोघं होते, एरॉस आणि हिमेरोस.

या भावंडांनीच मला धरून ठेवलं. हिमेरोस म्हणजे समोर असलेल्याची ओढ. पोथोस म्हणजे जो जवळ नाही त्याची. आपण ज्याला हुरहूर म्हणतो, तिला या लोकांनी देव केलं होतं! मेगाराच्या अ‍ॅफ्रोडाइटी मंदिरात स्कोपास या शिल्पकाराने एरॉस, हिमेरोस आणि पोथोस असे तिघे वेगवेगळे घडवले होते. पाउसानिअस या प्राचीन ग्रीक प्रवासी लेखकाने ते पाहून लिहून ठेवलंय.

त्यानेच अँटेरॉसचीही गोष्ट सांगितली आहे. अथेन्समध्ये राहणारा टिमागोरस नावाचा एक परका माणूस, मेटिक, मेलेस या अथेन्सच्या तरुणावर जीव लावून होता. मेलेसने तुच्छतेने सांगितलं, जा, खडकावरून उडी टाक. त्याने टाकली. त्याला मेलेला पाहून मेलेसला असा पश्चात्ताप झाला की त्याच खडकावरून त्यानेही स्वतःला झोकून दिलं. मग शहरातल्या मेटिकांनी अँटेरॉसची वेदी उभारली. प्रेमाला उत्तर मागणारा देव, आणि तो पुजला परक्यांनी. मेटिक पुरुषाला तिथे राहण्यापोटी वर्षाला 12 द्राख्मा कर होता, स्वतंत्र राहणाऱ्या बाईला 6. जर्मनीत अकरा वर्षं रहिवासी परवान्यावर काढलेल्या मला ही गोष्ट वर कड्याकडे बघत आठवली, आणि घशाशी आलं.

देवळ्यांपाशी जाता येत नाही, वाटेवरूनच बघायचं. सगळ्यात खालच्या देवळीत वाळलेली पानं साचली होती आणि मुंग्यांची रांग तिच्या एका कोपऱ्यातून वर चढत होती. मी किती वेळ उभी होते कोण जाणे.

नवरा खाली ऑलिव्हच्या झाडाखाली बसला होता. "किती वेळ गं," म्हणाला. मी त्याला पोथोसबद्दल सांगितलं. लग्नानंतर माझा व्हिसा रखडला होता, चौदा महिने तो श्टुटगार्टला आणि मी पुण्यात, त्याबद्दल आम्ही फारसं बोलत नाही. तो जरा वेळ गुडघा चोळत राहिला.

"तू तेव्हा मेतकूट पाठवलं होतंस ना," तो म्हणाला, "ते मी खाल्लंच नाही. संपलं असतं. रात्री डबा उघडून नुसता वास घ्यायचो."