पाटीचा फॉन्ट 'पांढऱ्या रश्श्या'वर तपासा

फॉन्ट निवडताना बहुतेक वेळा दुकानाचं नाव तेवढं टाइप करून पाहिलं जातं. 'अंबाई' कुठल्याही फॉन्टात बरंच दिसतं. कोल्हापुरात खानावळीची पाटी करायची असेल तर ही ओळ टाइप करा : 'घरगुती खानावळ, तांबड्या-पांढऱ्या रश्श्यासह थाळी, भाकरी'. फॉन्टचं खरं रूप इथे कळतं.

'ख'चे दोन भाग सुटे पडले की 'रवानावळ' वाचलं जातं. घ-ध, भ-म, थ-य या जोड्यांत फरक असतो तो शिरोरेषेतल्या फटीचा नाहीतर एका गाठीचा. सगळ्यात जाड वजन (म्हणजे अक्षरांच्या रेघांची जाडी) घेतलं की नेमक्या याच जागा बुजतात आणि दुरून 'भाकरी'ची 'माकरी' होते. म्हणून पाटीला मध्यम-ठळक वजन बरं. 'मुक्त' हा फॉन्ट मोफत आहे, त्यात सात वजनं आहेत. नोटो सान्स देवनागरीही भरवशाचा. 'बलू' हा फॉन्ट दुकानाच्या नावापुरता छान, पण पदार्थांच्या यादीला आणि फोन नंबरला नको.

'पांढऱ्या' हा शब्द सर्वांत जास्त बिघडतो. साधा र टाइप केला की रफार येऊन 'पांढर्या' उमटतं. 'पांढऱ्या'साठी खाली टिंब असलेला ऱ घ्यावा लागतो. 'रश्श्यासह'मध्ये हलन्ताचे पाय (अक्षराखालच्या तिरप्या रेघा) दिसले, तर तो फॉन्ट सोडून द्या. चुकलेला शब्द वर्षानुवर्षं रस्त्यावर टांगलेला राहतो, हे फार वाईट.

मापाचा ढोबळ हिशेब : 3 मीटरवरून वाचायला 25 मिमी उंचीचं अक्षर. ही उंची शिरोरेषेपासून अक्षराच्या पायापर्यंत मोजा. वेलांटी, मात्रा, उकार आणि कडेची मोकळी जागा धरून पाटी साधारण दुप्पट उंच लागते. कोल्हापूरच्या महाद्वार रोडवर माणूस चालत, जवळून वाचतो. हायवेवर ताशी 60 किमीने जाणारी गाडी सेकंदाला जवळजवळ 17 मीटर पुढे सरकते. तिथे 250 मिमीचं अक्षर 30 मीटरवरून दिसायला लागेल, म्हणजे वाचायला दोन सेकंदही नाहीत. तिथे 500 मिमी धरा आणि शब्द कमी करा.

रेडियम कटिंगला (चिकटणाऱ्या शीटमधून यंत्राने अक्षरं कापायला) फाइल देताना अक्षरं कर्व्ह करा, म्हणजे मजकुराचे आकार करून घ्या, आणि मग वेल्डही करा, म्हणजे ते आकार जोडून एक करा. देवनागरीत शेजारच्या अक्षरांच्या शिरोरेषा एकमेकींवर चढलेल्या असतात. वेल्ड राहिलं तर प्लॉटर (कापणारं यंत्र) प्रत्येक जोडावर ब्लेड फिरवतो आणि शिरोरेषेचे तुकडे पडतात. आतून दिवे असलेल्या अक्षरांत उजेड पसरून फटी आणखी अरुंद दिसतात, तिथे वजन एक पायरी उतरवा.

ॲप किंवा वेबसाइटवर अक्षरांमधलं अंतर शून्यच ठेवा, वाढवलं की शिरोरेषा तुटते. ओळींचं अंतर अक्षराच्या 1.6 पट ठेवलं तर वरच्या ओळीतला उकार खालच्या ओळीतल्या मात्रेला भिडत नाही. आणि पानाची भाषा मराठी म्हणून नोंदवा : मराठी वळणाचे ल आणि श काही फॉन्टांत असतात, पण ही नोंद नसेल तर पडद्यावर हिंदी वळणाचेच येतात.