ख्मेर पंचांगातला भाद्रपद

पैठणच्या परिसरात वाढलेल्या माणसाला ‘शालिवाहन शके’ पंचांगापासून लग्नपत्रिकेपर्यंत सर्वत्र भेटते. त्यामुळे कंबोडियातील सांबोर येथील शिलालेखावर शके 605, म्हणजे इसवी सन 683, अशी नोंद असल्याचे वाचल्यावर मी त्या देशाच्या कालगणनेकडे वळलो. (शक सुरू केला तो पैठणच्या शालिवाहनाने, ही आपली परंपरा; इतिहासकार बहुधा निराळे सांगतात, पण तो वाद येथे नको.) त्या 605 मधील शून्य ठिपक्याने कोरलेले आहे आणि दिनांकित शून्याच्या सर्वांत जुन्या उदाहरणांत त्याची गणना होते.

आज तेथे बौद्ध संवत चालतो. महिने मात्र ओळखीचे आहेत: मिकासर, बोह, मिएक, फाल्कुन, चेत, पिसाक अशी मार्गशीर्षापासून सुरुवात होते आणि शेवट कार्तिकात. महत्त्वाचे म्हणजे, उत्तर भारतात महिना पौर्णिमेला संपतो, तर ख्मेर, म्हणजे कंबोडियाचा, महिना आपल्यासारखाच अमावस्येला संपतो. तिथीचा क्षय किंवा वृद्धी तेथे नाही. 29 आणि 30 दिवसांचे महिने आळीपाळीने येऊन 354 दिवसांचे वर्ष होते.

महिना अमावस्येला संपत असल्यामुळेच त्यांच्या भाद्रपदाचा, म्हणजे फोत्रोबोतचा, कृष्णपक्ष आणि आपला पितृपंधरवडा एकच ठरतो. या पंधरा दिवसांत पितर आणि प्रेतात्मे अन्नाच्या शोधात फिरतात, अशी तेथील श्रद्धा आहे. गावातील कुटुंबे पाळीपाळीने विहारातील भिक्षूंना भोजन देतात, पहाटेच्या अंधारात विहाराभोवती भाताचे गोळे टाकतात आणि अखेरीस, आपल्या सर्वपित्री अमावस्येच्या सुमारास, ‘प्चुम बेन’ हा मोठा सण साजरा होतो. आपल्याकडे मृताची तिथी पाहून ज्याच्या त्याच्या घरी म्हाळ घातला जातो. तेथे पुण्य पितरांपर्यंत पोहोचते ते भिक्षुसंघामार्फत. मला हा फरक साम्याइतकाच मोलाचा वाटतो, कारण पंधरवडा तोच ठेवून त्या समाजाने त्याचा विधी स्वतःच्या धर्माला साजेसा घडवला आहे.

एप्रिलच्या मध्यावर येणारे नववर्ष सौरगणनेचे आहे. बारा प्राण्यांचे वर्षचक्रही त्याच सुमारास पुढे सरकते.

अधिक महिन्याचा नियम मात्र स्वतंत्र आहे. आपल्याकडे ज्या चांद्रमासात सूर्यसंक्रांत होत नाही तो अधिक, मग तो चैत्र असो वा आश्विन. ख्मेर गणनेत दुप्पट होतो तो नेहमी आषाढच. 2023 मध्ये आपला अधिक श्रावण चालू होता, तेव्हा तेथे दुसरा आषाढ होता आणि त्याची पौर्णिमा उलटल्यावरच भिक्षूंचा वर्षावास, म्हणजे पावसाळ्यात एकाच विहारात राहण्याचा काळ, सुरू झाला. पुढे भाद्रपद मात्र दोन्हीकडे एकाच वेळी आला.