गळ्यातून अभिनयाकडे

संगीत नाटकांवर वाढलेल्या फोंड्याच्या माणसाला, गाणारा कलावंत अभिनयही करतो याचे नवल वाटू नये. मंगेशीचे दीनानाथ आमच्या शेजारचेच. तरीही ब्राझीलची गायिका आणि अभिनेत्री कारिन इल्स हिची वाटचाल मला विलक्षण वाटते.

रिओ राज्यातील पाराकाम्बी गावात १९७९ साली जन्मलेली कारिन २००२ मध्ये एसबीटी वाहिनीच्या ‘पॉपस्टार्स’ या स्पर्धेतून निवडल्या गेलेल्या पाच तरुणींच्या ‘रूज’ या गायनगटात आली आणि त्याच वर्षी ‘रागातांगा’ या गाण्याने साऱ्या देशाला नाचायला लावले. (तिकडे शब्दारंभीच्या ‘र’चा उच्चार ‘ह’सारखा होतो, आमच्याकडे पोर्तुगीज शिकलेल्या जुन्या मंडळींना तो ऐकून हसू आवरत नाही.)

काही वर्षांतच गट विखुरला. अशा गटांतील मुली पुढे बहुधा विस्मृतीत जातात. कारिनने मात्र संगीतिकांच्या रंगभूमीचा आधार घेतला आणि तिथूनच ती दूरचित्रवाणीकडे वळली. ग्लोबो वाहिनीवर २०१४ साली आलेल्या ‘सेक्सो ई आस नेगास’ (‘सेक्स आणि काळ्या बायका’) या मालिकेतील चार कृष्णवर्णीय नायिकांपैकी ती एक होती. त्या मालिकेच्या नावावरून व चित्रणावरून कृष्णवर्णीय संघटनांनी घेतलेला आक्षेप मला अनाठायी वाटत नाही, परंतु गौरवर्णीयांनी व्यापलेल्या पडद्यावर चार प्रमुख भूमिका मिळणे हेही लहानसहान नव्हते.

पुढे ‘कारिन्या दि आंजो’ या मुलांच्या मालिकेत ती ख्रिस्ती जोगीण (नन) झाली, आणि तिथेही तिचा गळा कामी आलाच. २०१७ मध्ये ‘रूज’ पुन्हा एकत्र आला, तेव्हा ही मालिका सुरूच होती.