शाहूपुरीतल्या घराचं स्कर्टिंग

कोल्हापुरातल्या शाहूपुरीत एका जुन्या घराचं दुरुस्तीचं काम मी घेतलं होतं. मी दुसऱ्या साइटवरून आले तेव्हा सुतारमामा हॉलमधली शेवटची पट्टी ठोकत होते. खाली-वर सगळ्या खोल्यांना पांढरं एमडीएफचं, म्हणजे लाकडाचे तंतू दाबून केलेल्या फळीचं स्कर्टिंग लागलं होतं. जमिनीवर घालायच्या लॅमिनेटच्या फळ्यांची खोकी मात्र जिन्याखाली तशीच, एकही फोडलेलं नाही. "मालकांनी सांगितलं ताई, म्हणून मारलं बगा," मामा म्हणाले. अक्षय तृतीयेला वास्तुशांत होती, पाव्हणे ठरले होते आणि पुण्याहून आलेल्या मालकांच्या मुलाला घर तयार दिसायला हवं होतं.

स्कर्टिंग म्हणजे भिंतीच्या पायथ्याची तीन-चार इंची पट्टी, ती कधीही मारता येते, असं लोकांना वाटतं. लावायची शेवटी असली तरी ठरवायची सगळ्यात आधी. टाइलचं स्कर्टिंग भिंतीच्या सपाटीत बसवायचं असेल तर गवंड्याने खालचे चार इंच प्लास्टर सोडायला हवं. नाहीतर मागून ग्राइंडर लावून नवी भिंत फोडायची आणि धूळ पुट्टीवर बसवून घ्यायची. लाकडी किंवा एमडीएफचं असेल तर चौकटी आणि त्यांच्या कव्हरपट्ट्या आधी, मग जमीन, मग पुट्टी-प्रायमर आणि रंगाचा पहिला हात. त्यानंतर स्कर्टिंग, स्क्रूची भोकं भरायची आणि शेवटचा हात. हा शेवटचा हात पेंटरला नको असतो, कारण त्यासाठी पुन्हा यावं लागतं. आमच्या धंद्यातली निम्मी भांडणं या "पुन्हा येण्या"ची आहेत.

आता या घरातलं काम बघा. आठ मिलिमीटरचं लॅमिनेट आणि खाली फोम धरला तर जमीन सेंटिमीटरभर वर येणार. आधी ठोकलेली पट्टी तेवढी बुडणार. त्याहून मोठी गोष्ट म्हणजे लॅमिनेट दमट हवेत फुगतं, उन्हाळ्यात आकसतं, म्हणून भिंतीपाशी चहूबाजूंनी आठ-दहा मिलिमीटर फट सोडावी लागते. ती फट झाकायलाच तर स्कर्टिंग असतं, आणि तेही भिंतीत गिट्टी (स्क्रू धरणारी खुंटी) घालून स्क्रूने आवळायचं, जमिनीला अजिबात जखडायचं नाही. आधी पट्टी मारली की फट उघडी पडते. फट बुजवून फळ्या पट्टीला भिडवल्या, तर कोल्हापूरच्या पहिल्याच पावसाळ्यात जमीन मधोमध उचलते.

"वरून बीडिंग मारा की," मुलगा म्हणाला, म्हणजे फट झाकणारी बारीक पट्टी. जमिनीपुरतं ते चाललंही असतं. पण मी हॉलमधली एक पट्टी काढायला लावली. मागची बाजू गार लागत होती आणि खालची कड फुगलेली.

घर जुनं, विटांचं. जोत्यावर ओल अडवणारा थर त्या काळी घातलेलाच नाही. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आणि २०२१ च्या जुलैमध्ये पंचगंगेचं पाणी आत आलं होतं, आणि भिंतींना लोणा (क्षारांचा पांढरा थर) लागून खालचे तीन फूट प्लास्टर सुटलं होतं. आम्ही ते पाडून नवं केलं. नव्या प्लास्टरला आठवडाभर पाणी मारलेलं, शिवाय आतून चढणारी ओल. वरून रंग कोरडा दिसतो, तो फसवा. मी दोन फुटांचा प्लास्टिकचा तुकडा भिंतीला चारी कडांनी चिकटपट्टीने बंद करून ठेवला. दुसऱ्या दिवशी आतल्या बाजूने थेंब. मुलाला बोट फिरवायला लावलं, तेव्हा तो गप्प झाला.

घरातल्या काकी मात्र लगेच म्हणाल्या, "खाली लाकूड नकोच. पाणी येतंय की आपल्याकडं." ज्यांनी चिखल उपसलाय त्यांना हे आधी विचारायला हवं होतं, पण जमिनीच्या निवडीत त्यांना कुणी विचारलंच नव्हतं. लॅमिनेट फक्त वरच्या बेडरूममध्ये करायचं ठरलं. खोकी त्याच खोल्यांत दोन दिवस पडू दिली, मग जमीन केली आणि वरच्या पट्ट्या नीट काढून पुन्हा बसवल्या. कोपरे गुण्यात, म्हणजे काटकोनात नव्हते, त्यामुळे मामांनी प्रत्येक कोपऱ्याचा कोन भिंतीवरून उचलून कापला. नखसुद्धा जात नाही त्या सांध्यात. खाली जुनी शहाबादी घासून घेतली आणि वास्तुशांत स्कर्टिंगशिवाय झाली. कडाप्प्याची पट्टी दिवाळीच्या सुमारास, भिंत पुन्हा प्लास्टिक लावून तपासल्यावर.

वाया गेलेल्या पट्ट्या कुणाच्या अंगावर टाकायच्या, यावर मुलगा आणि मी अजून भांडतोय. तो म्हणतो, सुताराला कळायला हवं होतं. मामांना कळत होतंच. पट्टी काढताना त्यांनी कड माझ्यापुढे धरली, तेव्हाच मला ते दिसलं. पण त्यांना रनिंग फुटावर, म्हणजे लावलेल्या पट्टीच्या लांबीवर पैसे मिळतात. भिंत वाळेपर्यंत बसून राहिल्याचा एक रुपया कुणी देत नाही, आणि मालकाला "आत्ता नको" म्हणणारा सुतार पुढच्या कामाला बोलावला जात नाही. मी त्यांची मजुरी पूर्ण दिली. मालाचे पैसे मालकाने द्यावेत, कारण सांगणारा तो होता, असं माझं म्हणणं आहे आणि बिलातही मी तसंच लिहिलंय. ते बिल अजून अडकलेलं आहे.