अस्सुंता स्पीनाच्या नेपल्समध्ये

नेपल्सच्या जुन्या गावातून जाणारा व्हिया देई त्रिबुनाली हा रस्ता म्हणजे दोन्हीकडे पिझ्झावाले, मधे स्कूटरी आणि उरलेल्या फटीत आपण. तो थेट कास्तेल कापुआनो या बाराव्या शतकातल्या किल्ल्यापाशी संपतो. सोळाव्या शतकात इथे कोर्ट आलं आणि चारशेहून जास्त वर्षं इथेच भरत राहिलं. बहुतेक पर्यटक पिझ्झाच्या रांगेतच अडकतात. मी पुढे गेले ती फ्रांचेस्का बेर्तिनीसाठी.

बेर्तिनी जन्मली १८९२ मध्ये फ्लॉरेन्सला, पण वाढली नेपल्समध्ये. मूकपटांतली ही बडी तारका. १९१४ च्या एका चित्रपटात तिने चक्क पिएरो या विदूषकाची, म्हणजे पुरुषाची भूमिका केली. (त्याच सुमारास आपल्याकडे ‘राजा हरिश्चंद्र’ चित्रपटात अण्णा साळुंके तारामती झाले होते!) पण तिचं खरं काम १९१५ च्या ‘अस्सुंता स्पीना’त. मूळ नाटक साल्वातोरे दि जाकोमोचं. अस्सुंता इस्त्रीचं दुकान चालवते. संशयाने पेटलेला मिकेले तिच्या गालावर सुरी फिरवतो, आणि ती त्यालाच वाचवायला कोर्टात खोटं बोलते. त्याला नेपल्सच्याच तुरुंगात ठेवावं म्हणून कोर्टातल्या एका अधिकाऱ्यापुढे स्वतःला गहाण टाकते. त्या काळचं नेपल्सचं कोर्ट म्हणजे हीच इमारत.

आता तिथे बघण्यासारखं फार नाही. शेजारचा पोर्ता कापुआनाचा दरवाजा त्याहून देखणा आहे.

दुपारी बसने पोझिलिपोला गेले. चित्रपटात अस्सुंताच्या वाढदिवसाची मेजवानी इथेच, समुद्राकाठी. समोर आखात, पलीकडे व्हेसूव्हियस. बाकावर बसून मोबाइलवर तो भाग पुन्हा पाहिला. त्या काळच्या इतर नट्या दाराखिडक्यांच्या पडद्यांना लटकून, डोळे फिरवून दुःख करायच्या; मला ते दहा मिनिटांत कंटाळवाणं होतं. बेर्तिनी नुसती शाल घट्ट ओढून घेते, खांदे पाडते आणि गल्लीतल्या बाईसारखी चालते. मागचं शहरही खरं आहे, रंगवलेला पडदा नाही.

दिग्दर्शक म्हणून नाव गुस्ताव्हो सेरेनाचं, मिकेलेही तोच. पण गर्दीतली माणसं हलवणं, कॅमेरा कुठून लावायचा ते ठरवणं, सीन पटला नाही तर पुन्हा करायला लावणं, हे सगळं बेर्तिनी करत होती, असं खुद्द सेरेनानेच पुढे सांगितलं. मग श्रेय अर्धं तरी तिचं नको?

१९२१ मध्ये स्विस बँकर पॉल कार्तिएशी लग्न झालं आणि कामं रोडावली. १९७६ मध्ये दिग्दर्शक बेर्तोलुच्चीने ‘नोव्हेचेंतो’ चित्रपटात तिला ननची छोटी भूमिका दिली. १९८२ मध्ये तिच्यावर माहितीपट निघाला, तेव्हा बाई नव्वदीच्या. त्यातही ‘अस्सुंता’ आपणच दिग्दर्शित केली, हा हेका त्यांनी सोडला नाही.